दोन चित्रपट आणि मधला तुरुंग

मे १९७१ मध्ये फ्रान्समधील कान येथील महोत्सवात ‘सेरेलेम’ हा हंगेरीचा कृष्णधवल चित्रपट दाखवण्यात आला. या हंगेरियन शब्दाचा अर्थ ‘प्रेम’. परीक्षक मंडळाचे पारितोषिक ‘जो हिल’ या चित्रपटासह त्याला विभागून मिळाले. चित्रपटाच्या शेवटच्या भागात एका राजकीय कैद्याची अचानक सुटका होते. चाळिशी ओलांडलेला, शिडशिडीत बांध्याचा तो माणूस तुरुंगाबाहेर येतो, टॅक्सीत बसतो आणि खिडकीतून बुडापेस्ट शहराकडे पाहत राहतो. त्याला बोलायचे फारसे काही नाही. हात कुठे ठेवावेत, समोरच्याच्या नजरेला नजर द्यावी की नाही, हेही त्याला नीटसे आठवत नाही.

कानमधील प्रेक्षकांना या प्रसंगात एका समर्थ नटाचा संयत अभिनय दिसला. बुडापेस्टच्या प्रेक्षकांना त्यापेक्षा अधिक काही दिसत होते. पडद्यावरचा नट इव्हान दार्वाश स्वतः राजकीय कारणासाठी बावीस महिने तुरुंगात राहून आला होता, आणि ही गोष्ट त्या शहरात बहुतेकांना ठाऊक होती. तिचा उल्लेख वृत्तपत्रांतून होत नसे. चित्रपटाच्या जाहिरातीतही ती येणे शक्य नव्हते. तरीही तो टॅक्सीत बसला की प्रेक्षागृहातील प्रत्येक जण एकाच वेळी दोन माणसांना पाहत असे.

युद्धोत्तर हंगेरीतील चित्रपटसृष्टी समजून घ्यायची असेल तर या एका नटाची कारकीर्द पाहणे पुरेसे उद्बोधक ठरते. दार्वाश काही हुतात्मा नव्हते, बंडखोर म्हणूनही ते मिरवले नाहीत. ते देखणे, खेळकर, स्त्रीवर्गात अतिशय लोकप्रिय असे नायक होते. हलक्याफुलक्या भूमिकांसाठीच जणू घडलेल्या या माणसाच्या वाट्याला तो काळ आला, इतकेच.

१४ जून १९२५ रोजी त्यांचा जन्म तेव्हाच्या चेकोस्लोव्हाकियातील बेहिन्त्से या गावी झाला. हे गाव आज स्लोव्हाकियात आहे. वडील हंगेरियन, आई रशियन. घरात आणि घराबाहेर वेगवेगळ्या भाषा कानांवर पडत गेल्या आणि त्यांचे संस्कार पुढे रंगभूमीवर उपयोगी पडले. युद्ध संपले तेव्हा ते वीस वर्षांचे होते. बुडापेस्ट निम्मेअधिक उद्ध्वस्त झाले होते, डॅन्यूबवरचे सर्व पूल जर्मनांनी माघार घेताना उडवून दिले होते, आणि नाटके मात्र सुरू झाली होती. या पिढीतील अनेक नटांचा प्रारंभ अशाच, भिंतींना भोके पडलेल्या थिएटरांमध्ये झाला.

जुन्या ताऱ्यांचे दिवस त्याच वेळी मावळत होते. युद्धपूर्व बोलपटांचा सर्वांत लाडका नायक पाल यावोर याला १९४४ मध्ये हंगेरियन नाझींनी तुरुंगात टाकले होते. युद्धानंतर त्याचे स्वागत होईल असे वाटत असताना नव्या व्यवस्थेला मिशी पिळणारा, उमरावी थाटाचा हा नायक नकोसा झाला. तो अमेरिकेला गेला, तेथे त्याला किरकोळ भूमिका मिळाल्या, १९५७ मध्ये तो मायदेशी परतला आणि दोनच वर्षांनी वारला. कातालिन कारादी या लोकप्रिय अभिनेत्रीने १९५१ मध्ये देश सोडला. १९४५ ते १९४८ या काळात हंगेरीत एक विचित्र प्रयोग झाला होता. सरकारात सहभागी असलेल्या राजकीय पक्षांनी आपापल्या चित्रपट कंपन्या काढल्या होत्या. १९४८ मध्ये चित्रपट उद्योगाचे राष्ट्रीयीकरण झाले आणि हा खेळ संपला. पुढच्या काही वर्षांत, मात्याश राकोशी यांच्या राजवटीत, वर्षाला हाताच्या बोटांवर मोजता येतील एवढेच चित्रपट निघत. त्यांतील बहुतेकांत ट्रॅक्टर, कारखाना, घातपाती शत्रू आणि अखेरीस पक्षाचा विजय एवढीच सामग्री असे.

येथे हंगेरियन नटाच्या जगण्याची रीत थोडी समजून घ्यायला हवी, कारण पुढे जे घडले ते तिच्याशीच जोडलेले आहे. आपल्याकडे चित्रपटातील नट हा निर्मात्यांशी चित्रपटागणिक करार करणारा स्वतंत्र व्यावसायिक असतो. हंगेरीत नट हा प्रथम एखाद्या सरकारी नाट्यगृहाचा पगारी सदस्य असे. दरमहा वेतन, हंगामाला ठरावीक नाटके, आणि त्या वेळापत्रकातून उरलेल्या तासांत बाकी सर्व. सकाळी चित्रीकरण, दुपारी रेडिओवर वाचन किंवा परदेशी चित्रपटांना आवाज देणे, आणि संध्याकाळी सात वाजता रंगमंचावर हजेरी. चित्रपट काढणारी संस्था एकच, सरकारी. नाट्यगृहे सरकारी. रेडिओ सरकारी. त्यामुळे एखाद्या नटाचे काम थांबवायचे असेल तर बंदीहुकूम छापण्याची गरजच नसे. नाट्यगृहाने करार केला नाही की उरलेली सारी दारे आपोआप बंद होत. ही व्यवस्था नटाला उपाशी राहू देत नसे, आणि मनात आले तर एका दिवसात त्याला कोणीच उरू देत नसे.

दार्वाश यांना खरी प्रसिद्धी मिळाली ती १९५४ च्या ‘लिलिओम्फी’मुळे. स्टालिनच्या मृत्यूनंतर वातावरण थोडे सैल झाले होते. इम्रे नागी पंतप्रधान होते, आणि प्रचारपटांना कंटाळलेल्या प्रेक्षकांसाठी काहीतरी प्रसन्न करावे असे स्टुडिओतही अनेकांना वाटत होते. कारोय माक या दार्वाश यांच्याच वयाच्या दिग्दर्शकाचा हा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट. एकोणिसाव्या शतकातील नाटककार एदे सिगलिगेती याच्या एका विनोदी नाटकावर तो आधारलेला होता. गावोगाव फिरणाऱ्या नाटक मंडळीतील एक तरुण नट, त्याचा कडक प्राध्यापक काका, काकाने सांभाळलेली एक मुलगी, एक लबाड खानावळवाला, त्याची मुलगी आणि तिच्यावर प्रेम करणारा वाढपी. वेषांतरे, गैरसमज, पळापळ, आणि शेवटी सगळ्यांची लग्ने. यात राजकारणाचा लवलेश नव्हता, आणि त्या वर्षी हेच त्याचे मोठे आकर्षण ठरले. रंगीत चित्रण, उन्हाने न्हालेल्या टेकड्या, आणि मधोमध दार्वाश यांचा हसरा, थोडासा उर्मट, पायांत स्प्रिंग बसवल्यासारखा वावरणारा लिलिओम्फी. १९५५ मध्ये हा चित्रपट कानच्या स्पर्धेतही होता. एवढ्या वर्षांनंतरही तो पाहताना कंटाळा येत नाही. विनोदी चित्रपट लवकर जुने होतात. हा फारसा झालेला नाही.

याच चित्रपटात वाढप्याची भूमिका करणारा इम्रे शोश हा शेतकरी कुटुंबातून आलेला विलक्षण गुणी नट होता. नव्या राजवटीने त्याला लोककलावंत म्हणून डोक्यावर घेतले होते. हंगेरीच्या पहिल्या रंगीत चित्रपटाचा, ‘लुदाश मात्यी’चा, तोच नायक. जून १९५७ मध्ये, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, त्याचे अकाली निधन झाले. दार्वाश तेव्हा संकटात सापडले होते. ‘लिलिओम्फी’तील हसण्या-खिदळण्याला तीन वर्षेही उलटली नव्हती.

मधल्या काळात ऑक्टोबर १९५६ येऊन गेला होता. २३ ऑक्टोबरला बुडापेस्टमध्ये विद्यार्थ्यांनी मोर्चा काढला, तेव्हा कवी शांदोर पेतोफी याच्या पुतळ्यापाशी त्याचे प्रसिद्ध राष्ट्रगीतात्मक काव्य म्हणून दाखवले ते राष्ट्रीय नाट्यगृहातील नट इम्रे शिंकोविच यांनी. नटांचा हा सहभाग नवलाचा नव्हता. हंगेरियन भाषेत कविता मोठ्याने म्हणणे ही स्वतंत्र कला मानली जाते आणि ती नटांकडे असते. संकटकाळी लोकांना कवितेची आठवण झाली की ते साहजिकच नटाकडे पाहतात. दार्वाश यांचे कारण अधिक घरगुती होते. त्यांचा भाऊ आधीच्या राजवटीत राजकीय कैदी झाला होता. क्रांतीच्या त्या दिवसांत तुरुंगांची दारे उघडत होती. दार्वाश यांनी सहकाऱ्यांसह एक क्रांतिकारी समिती उभी केली आणि भावाच्या सुटकेसाठी धडपड केली. ४ नोव्हेंबरला सोव्हिएत रणगाडे शहरात शिरले आणि सारे संपले. सुमारे अडीच हजार हंगेरियन मारले गेले, दोन लाखांच्या आसपास माणसे सीमा ओलांडून पश्चिमेकडे गेली. मागे राहिलेल्यांवर खटले सुरू झाले.

देश सोडून जाणाऱ्यांत नटही होते. पण नटाचे दुखणे असे की त्याचे भांडवल त्याची भाषा असते. हंगेरियन ही आजूबाजूच्या कुठल्याच देशाच्या भाषेशी नाते न सांगणारी भाषा. वादक, छायालेखक, वास्तुशास्त्रज्ञ व्हिएन्नाला किंवा लंडनला जाऊन पोट भरू शकत होते. बुडापेस्टचा नायक तेथे परक्या उच्चाराचा नोकर किंवा हेर होऊ शकत होता. पाल यावोरचे उदाहरण सर्वांसमोर होतेच. अनेक भाषा जाणणाऱ्या दार्वाश यांना कदाचित हे थोडे सोपे गेले असते. ते राहिले.

खटल्यांतून नाट्यसृष्टी सुटली नाही. ग्योर शहरातील नाट्यगृहाचे दिग्दर्शक गाबोर फोल्देश यांना फाशी देण्यात आली. लास्लो मेन्शारोश या अत्यंत बुद्धिमान नटाला दोन वर्षांहून अधिक काळ तुरुंगात काढावा लागला. शिंकोविच यांना राष्ट्रीय नाट्यगृहातून काही वर्षे दूर राहावे लागले. दार्वाश यांच्या वाट्याला बावीस महिन्यांची कैद आली. याच सुमारास नामवंत अभिनेत्री क्लारी तोल्नाय यांच्याशी झालेला त्यांचा विवाहही संपुष्टात आला. तोल्नाय त्यांच्याहून अकरा वर्षांनी मोठ्या होत्या आणि युद्धापूर्वीपासून तारांकित होत्या. दोघांची जोडी बुडापेस्टमध्ये कौतुकाचा विषय होती.

तुरुंगातून बाहेर आल्यावर लगेच रंगमंच मिळाला नाही. देशातील सर्वांत लोकप्रिय तरुण नायकाने मग मजूर म्हणून काम केले. ज्या रस्त्यांवर त्याची पोस्टरे लागली होती त्याच रस्त्यांवरून तो कामावर जात असे. या वर्षांविषयी अधिक लिहिण्याजोगे काही नाही, आणि हेच त्या वर्षांचे स्वरूप होते. एका नटाच्या आयुष्यातील तिशीची ती वर्षे, म्हणजे नायकाच्या भूमिकांसाठीची सर्वोत्तम वर्षे, कोरी गेली.

१९६० च्या दशकात यानोश कादार यांच्या राजवटीचे धोरण पालटू लागले. १९६३ मध्ये सार्वत्रिक माफी जाहीर झाली. सत्ताधाऱ्यांनी जनतेशी एक अलिखित व्यवहार केला: १९५६ विषयी बोलायचे नाही, सोव्हिएत सैन्याविषयी बोलायचे नाही, एकपक्षीय सत्तेवर बोट ठेवायचे नाही, त्या बदल्यात उरलेले आयुष्य बऱ्यापैकी मोकळेपणाने जगू दिले जाईल. कलेच्या क्षेत्रात या धोरणाचे सूत्रधार होते ग्योर्ज आत्सेल. पाठिंबा देण्याजोगे, चालवून घेण्याजोगे आणि बंदी घालण्याजोगे अशा तीन वर्गांत त्यांच्या काळी कलाकृतींची विभागणी होई. हंगेरियन भाषेत हे तिन्ही शब्द ‘त’ने सुरू होतात, म्हणून त्या धोरणाला ‘तीन त’ असे नाव पडले. मधला वर्ग सर्वांत मोठा आणि सर्वांत महत्त्वाचा होता, कारण त्याची सीमारेषा कोणालाच नेमकी माहीत नसे. तिचा अंदाज घेत, चाचपडत, कधी आत्सेल यांना प्रत्यक्ष भेटून, दिग्दर्शक काम करीत. या काळात हंगेरीत जे उत्तम चित्रपट झाले त्यांचे श्रेय राजवटीला देण्याची प्रथा काही ठिकाणी दिसते. तसे देण्याचे कारण नाही. मात्र पूर्ण बंदी आणि पूर्ण मुभा यांमधल्या या संदिग्ध पट्ट्यात आडवळणाने बोलण्याची एक शैली घडली, हे खरे.

दार्वाश याच पट्ट्यातून परतले. १९६५ मध्ये त्यांनी बुडापेस्टच्या विगसीनहाझ या मोठ्या नाट्यगृहात प्रवेश केला. त्याच वर्षीच्या ‘कॉर्पोरल आणि इतर’ या युद्धावरील विनोदी चित्रपटातही ते दिसले. १९६६ मध्ये मोर योकाई याच्या कादंबरीवरील ‘हंगेरियन नबाब’मध्ये म्हाताऱ्या जमीनदाराच्या मरणाची वाट पाहणारा, पॅरिसमध्ये उधळपट्टी करणारा पुतण्या आबेलिनो त्यांनी रंगवला. पोशाख, छडी, कुत्सित हसू असा सगळा सरंजाम. ‘लिलिओम्फी’चा नायक आता रुबाबदार खलनायक झाला होता, आणि प्रेक्षकांनी त्याला पुन्हा आपलेसे केले.

त्याच वर्षीचा आंद्राश कोवाच यांचा ‘थंड दिवस’ हा चित्रपट मात्र निराळा होता. जानेवारी १९४२ मध्ये हंगेरियन सैन्याने व्यापलेल्या नोवी साद शहरात आणि परिसरात तीन हजारांहून अधिक ज्यू आणि सर्ब नागरिकांची हत्या केली. कित्येकांना गोठलेल्या डॅन्यूबचा बर्फ फोडून पाण्यात ढकलले गेले. तिबोर चेरेश यांच्या कादंबरीवर आधारलेल्या या चित्रपटात १९४६ साली एका कोठडीत चार माजी सैनिक खटल्याची वाट पाहत बसले आहेत आणि त्या दिवसांविषयी बोलत आहेत. प्रत्येक जण सांगतो की आपण फक्त हुकूम पाळला, आपण तेव्हा तेथे नव्हतोच, आपल्याला कळलेच नाही. मेजरच्या भूमिकेत झोल्तान लातिनोविच आणि लेफ्टनंटच्या भूमिकेत दार्वाश. अपराधाची जबाबदारी जर्मनांवर किंवा मूठभर फॅसिस्टांवर ढकलून मोकळे होणाऱ्या समाजाला हा चित्रपट चांगलाच बोचला. दार्वाश यांचा लेफ्टनंट सुसंस्कृत आहे, बोलण्यात सावध आहे, त्याला स्वतःविषयी फारशी शंका नाही. कोठडी कशी असते हे ज्याने अनुभवले होते तो नट येथे कोठडीत बसला होता तो अपराध्याच्या बाजूने. सहानुभूती मिळवण्याची सोपी वाट त्यांनी घेतली नाही, हे लक्षात घेण्याजोगे आहे.

१९६७ मध्ये विगसीनहाझचे दुसरे, लहान नाट्यगृह ‘पेश्ती सीनहाझ’ सुरू झाले. पहिलाच प्रयोग होता गोगोलच्या ‘एका वेड्याची रोजनिशी’चा, आणि रंगमंचावर एकटे दार्वाश. कचेरीत साहेबाच्या लेखण्यांना टोके काढणारा क्षुद्र कारकून हळूहळू स्वतःला स्पेनचा राजा समजू लागतो. त्याला वेड्यांच्या इस्पितळात टाकले जाते, तेव्हा त्याला वाटते की हाच स्पेनचा दरबार. पहारेकरी मारतात, डोक्यावर थंड पाणी ओततात, आणि तो दरबारी रीतीरिवाजांचा अर्थ लावत बसतो. रशियन आईच्या या मुलाने रशियन लेखकाचा हा कारकून असा उभा केला की तो प्रयोग अनेक वर्षे चालला आणि त्यांच्या नावाशी कायमचा जोडला गेला. सोव्हिएत अधिकाऱ्यांनाही गोगोलविषयी आक्षेप घेता येण्याजोगे काही नव्हते. अभिजात रशियन साहित्याइतके सुरक्षित आवरण त्या काळी दुसरे मिळाले नसते.

‘सेरेलेम’ची कथा याच सुमारास स्टुडिओच्या टेबलांवर फिरत होती. मूळ लेखक तिबोर देरी. त्यांची ‘प्रेम’ ही कथा १९५६ मध्येच, क्रांतीपूर्वीच्या मोकळ्या महिन्यांत प्रसिद्ध झाली होती. क्रांतीनंतर देरींना नऊ वर्षांची शिक्षा झाली. जगभरातील लेखकांनी निषेध केला. १९६० मध्ये ते सुटले. त्यानंतर त्यांनी लिहिलेली ‘दोन स्त्रिया’ आणि ती जुनी कथा एकत्र गुंफून चित्रपट करावा, असे कारोय माक यांच्या मनात होते. परवानगी मिळण्यात अनेक वर्षे गेली.

शेवटी ती मिळाली कशी, याचे उत्तर कथेच्या काळात आहे. चित्रपट घडतो १९५३ च्या सुमारास, राकोशीच्या राजवटीत. त्या तुरुंगांविषयी बोलायला कादार यांची हरकत नव्हती, कारण ते स्वतः त्या तुरुंगात राहिले होते. १९५१ मध्ये त्यांना अटक झाली होती, १९५४ मध्ये सुटका. आत्सेलही १९४९ ते १९५४ या काळात कैदेत होते. सत्तेवरच्या या माजी कैद्यांना आधीच्या राजवटीचा अन्याय दाखवणारा चित्रपट चालवून घेण्याजोगा वाटला असेल तर त्यात आश्चर्य नाही. त्याच काळात पेतेर बाचो यांचा ‘साक्षीदार’ हा राकोशी राजवटीवरचा उपहासात्मक चित्रपट तयार होऊन पेटीत पडला होता आणि १९७९ पर्यंत तो प्रेक्षकांसमोर येऊ शकला नाही. तेव्हा जुन्या राजवटीविषयी काहीही चालत असे, असे मुळीच नाही. हसणे अडले आणि रडणे सुटले, असे फार तर म्हणता येईल.

माक यांनी मात्र कैद्याच्या भूमिकेसाठी नट निवडला तो १९५३ चा कैदी नव्हता. दार्वाश यांना तुरुंगात टाकले होते ते कादार यांच्याच राजवटीने, ज्या घटनेचे नाव घ्यायचे नाही असे ठरले होते तिच्यासाठी. पटकथेत १९५६ चा उल्लेखही नाही. तो आला नटाबरोबर. पटकथेतील ओळी तपासता येतात, कापता येतात. ‘लिलिओम्फी’चा नायक १९५७ नंतर कुठे गेला होता ही प्रेक्षकांची आठवण कापता येत नव्हती. लेखक कैदी, नट कैदी, आणि परवानगी देणारेही माजी कैदी, असा हा योग होता.

दार्वाश यांचे कौतुक करताना एक गोष्ट विसरता कामा नये. चित्रपटाचा मोठा भाग त्यांचा नाहीच. तो दोन स्त्रियांचा आहे. मरणपंथाला लागलेली, अंथरुणाला खिळलेली म्हातारी आई आणि तिची सून लुत्सा. मुलगा यानोश तुरुंगात आहे, हे आईला कळू नये म्हणून लुत्सा त्याच्या नावाने अमेरिकेतून आलेली पत्रे लिहिते. तो तेथे मोठा चित्रपट काढतो आहे, त्याचा सत्कार होतो आहे, वगैरे. पत्रांतील थापा दिवसेंदिवस भव्य होत जातात. आईला खरोखर काही कळत नाही, की सुनेसाठी ती कळत नसल्याचे दाखवते, हे माक यांनी शेवटपर्यंत उलगडलेले नाही. इकडे लुत्साची नोकरी गेली आहे आणि तिच्या घरात सरकारने परकी माणसे आणून बसवली आहेत. लुत्सा झालेल्या मारी त्योर्योचिक यांनी यात कुठेही त्यागमूर्ती उभी केलेली नाही. तिला राग येतो, ती सासूवर चिडते, फुले विकत घ्यायला पैसे नसतात तरी घेते.

आईच्या भूमिकेसाठी न्यूयॉर्कहून लिली दार्वाश आल्या होत्या. नाटककार फेरेन्त्स मोल्नार यांच्या त्या पत्नी. माक्स राइनहार्ट यांच्या व्हिएन्नातील नाटकांतून त्यांनी नाव कमावले होते आणि १९३८ मध्ये हिटलरने ऑस्ट्रिया गिळल्यावर त्या अमेरिकेला गेल्या. इव्हान दार्वाश यांच्याशी त्यांचे नाते नव्हते, आडनाव तेवढे एकच. जुन्या सुसंस्कृत मध्य युरोपाची सारी अदब त्यांच्या बोलण्या-बसण्यात होती. पडद्यावरील आई मुलगा परत येण्यापूर्वी वारते, त्यामुळे या दोन दार्वाशांची पडद्यावर भेट होत नाही. कानमध्ये लिली दार्वाश आणि त्योर्योचिक या दोघींचा खास उल्लेख झाला, आणि तो योग्यच होता.

मग यानोश सुटतो. तासभर ज्याच्याविषयी ऐकले तो माणूस अखेर प्रत्यक्ष दिसतो, आणि तो पत्रांतला विजयी पुत्र नसतो. येथे दार्वाश यांनी काय केले नाही, हे पाहण्याजोगे आहे. लिलिओम्फीचे हसू नाही, आबेलिनोचा डौल नाही, गोगोलच्या कारकुनाची भेदक नजर नाही. प्रेक्षकांना ओळखीचे असलेले सारे त्यांनी काढून ठेवले. उरला तो सुटकेवर विश्वास न बसलेला माणूस, जो आनंद दाखवायलाही थोडा घाबरतो. यानोश घरी पोहोचतो तेव्हा लुत्सा घरी नसते. तो तिची वाट पाहतो. ती येते, आणि नंतरचे काही क्षण दोघांना एकमेकांच्या अंगावरची वर्षे मोजण्यात जातात. पडद्यावर इतके थोडे घडत असताना इतका ताण निर्माण होणे विरळा. यानोश तोत यांचे छायालेखन आधीच्या भागात आठवणींच्या क्षणभंगुर प्रतिमांनी भरलेले आहे. या भागात ते जवळजवळ गप्प होते.

चित्रपट हंगेरीत प्रदर्शित झाला, गाजला, परदेशात गेला. नटावर पुन्हा संकट आले नाही. १९७८ मध्ये दार्वाश यांना कोशुत पुरस्कार, म्हणजे सांस्कृतिक क्षेत्रातील हंगेरीचा सर्वोच्च सरकारी सन्मान, मिळाला. ज्या राजवटीने कैद दिली तिनेच तो दिला. तो घेणे म्हणजे तडजोड, असे म्हणणारे तेव्हाही होते आणि पुढेही निघाले. त्यांना उत्तर देणे सोपे नाही. सरकारी नाट्यगृहात रोज संध्याकाळी उभे राहणारा नट त्या व्यवहाराचा भागीदार असतोच. आणि तो उभा राहिला नसता तर ‘थंड दिवस’मधला लेफ्टनंट आणि ‘सेरेलेम’मधला यानोश झाले नसते, हेही तितकेच खरे. शिंकोविच, मेन्शारोश आणि दार्वाश या तिघांनीही परतण्याचाच मार्ग घेतला, आणि पुढची वीस-पंचवीस वर्षे हंगेरियन रंगभूमी मोठ्या प्रमाणात याच परतलेल्यांच्या खांद्यावर उभी होती.

१६ जून १९८९ रोजी फाशी दिलेल्या इम्रे नागी यांचे अवशेष सन्मानाने पुन्हा दफन करण्यात आले. १९५६ चे नाव आता मोठ्याने घेता येऊ लागले. १९९० च्या वसंतात मुक्त निवडणुका झाल्या, तेव्हा दार्वाश उदारमतवादी मुक्त लोकशाहीवादी आघाडीतर्फे संसदेत निवडून आले आणि १९९४ पर्यंत सदस्य होते. २००० साली हंगेरियन चित्रपट समीक्षकांनी देशाचे बारा सर्वोत्तम चित्रपट निवडले, त्यांत ‘सेरेलेम’ होता. पुढल्याच वर्षी दार्वाश यांचे आत्मचरित्र आले. त्याचे नाव त्यांनी ठेवले ‘तळटीपा’. ३ जून २००७ रोजी, ब्याऐंशी वर्षे पूर्ण व्हायला अकरा दिवस असताना, त्यांचे निधन झाले. माक २०१७ मध्ये गेले आणि त्योर्योचिक २०२१ मध्ये.